सहा तुटू देऊ नको

अंकुशनगर,
८ डिसेंबर २०२५

प्रिय आपा,

अस्सलामु अलैकुम. मी इथे मजेत आहे. तू, छोटी आणि लालबी अम्मा खुशाल असाल. अम्मांच्या गुडघ्याचं काय झालं? थंडी वाढली म्हणजे त्यांना त्रास होतो, म्हणून विचारतो. त्यांना माझा सलाम सांग आणि छोटीला सांग की मामा शनिवारी सामना जिंकून येतो.

पत्र बघून हसली असशील. हसू नको. शिबिर लागल्या दिवशीच सर्जेराव सरांनी सगळ्यांचे मोबाइल गोळा करून पत्र्याच्या डब्यात घातले आणि डबा स्वतःच्या खाटेखाली ठेवला. म्हणाले, "सामना होईपर्यंत जगात फक्त दोन कॉलेजं हायेत, अंबड आन् परतूर. बाकीचं जग रविवारी देतो तुम्हाला." मग काय करणार? उर्दू आपण घरभर बोलतो, पण लिहायची वेळ आली की दोघांनाही शाळेतली मराठीच आठवते. तेव्हा हे असं.

कारखान्याच्या वसाहतीतलं मैदान दिलंय आम्हाला. गळीत चालू आहे, त्यामुळे उसाच्या गाड्यांची रांग आमच्या खिडकीपर्यंत येते आणि मळीचा वास जेवणातही येतो. मच्छिंद्र म्हणतो, वरणात साखर टाकायची गरजच न्हाई. मच्छिंद्र म्हणजे आमचा डावा कोपरा, मागच्या ईदला आपल्याकडे येऊन अकरा पुऱ्या खाणारा तो. अजून तसाच आहे.

या वर्षी आमचा संघ खरंच चांगला आहे. परतूरचा कप्तान पारस एकटा भारी आहे, बाकीचे नवे आहेत. गेल्या वर्षी त्यांनी आपल्याला हरवलं तेव्हा शेवटची चढाई पारसचीच होती. आठवतं? तू बघायला आली होतीस. तीन गुणांनी पुढे होता, नुसती निदान रेषा ओलांडून कोणालाही न शिवता मध्यरेषेवर परत आला, दम सोडला आणि माझ्याशी हात मिळवला. तू विचारलं होतंस, तेवढ्यात तुम्ही त्याला धरलं का नाही? अंबड-परतूरचा तो जुना रिवाज आहे. जिंकणाऱ्याने शेवटची चढाई रिकामी करायची आणि रेषेवर हात मिळवायचा. कुठल्या नियमात लिहिलेलं नाही, पण आजवर कोणी मोडलेलं नाही.

दूल्हेभाई काल आले होते. संत्री आणली. माझ्यासाठी मॅटवरचे बूटही आणले, अगदी मापाचे. माझं माप त्यांच्या कसं लक्षात राहिलं कोण जाणे. सगळ्या संघाला हसवून गेले. सरांची नक्कल सरांच्या पाठीमागे उभं राहून केली. जाताना मला बाजूला घेऊन काहीतरी बोलले, ते भेटल्यावर सांगेन.

आपा, एक विचारायचं होतं. दूल्हेभाई रात्री अप्पे रिक्षा घरीच लावतात ना? सहज विचारतोय.

पत्र तुझ्या अंगणवाडीत देतोय, घरी नाही. कडूबा मामा कंडक्टर वाटूरचेच आहेत आणि रोज दुपारी अंबडच्या गाडीवर असतात. उत्तर त्यांच्याकडेच दे. घरी वाचू नको.

तुझा,
अकिब


अंकुशनगर,
१० डिसेंबर

प्रिय आपा,

सलाम. तुझं उत्तर आलं नाही. कडूबा मामा म्हणाले की पत्र तुझ्या हातात दिलं, आणि तू ते न वाचता खाऊच्या डब्याखाली ठेवलंस. वाचलं असशील आता.

मागच्या पत्रात मी बूट, संत्री, मळी सगळं लिहिलं आणि जे लिहायचं होतं ते लिहिलं नाही. आज लिहितो. तू बसून वाच.

रविवारी दूल्हेभाईंनी मला फाटकापाशी नेलं आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "साले साहब, एकच काम. सहा तुटू देऊ नको."

मला वाटलं, बाकीचे सांगतात तसंच हे सांगत आहेत. सहा गुणांची आघाडी घे आणि ती सोडू नको. मी म्हणालो, "बिलकुल न्हाई तुटू देणार, दूल्हेभाई."

"जबान?"

"जबान."

त्यांनी मला मिठी मारली. एवढं काय, असं मला वाटलं. पण मिठी सोडताना त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं आणि ते मला बरोबर वाटलं नाही. वाटलं, पैशाची अडचण असेल, गाडी गहाण पडली असेल. म्हणून तुला अप्पेचं विचारलं.

काल जेवताना मी मच्छिंद्रला सहज म्हणालो, दूल्हेभाई म्हणत होते सहा तुटू देऊ नको. त्याचा घास हातातच राहिला.

"कोन म्हनलं? बबलूभाई? त्यांनी कुनावर लावलेत?"

"लावलेत म्हणजे?"

मग त्याने मला भाकरीचे तुकडे मांडून समजावलं. तुलाही समजावतो, कारण याच्यावरच सगळं आहे. अंबड जिंकणार हे सगळ्यांना माहीत आहे. मग परतूरवर पैसे लावणार कोण? म्हणून सट्टा घेणाऱ्याने परतूरला सहा गुण आधीच देऊन टाकलेत, कागदावर. सामना सुरू व्हायच्या आधीच ते सहाने पुढे आहेत असं धरायचं. आता आम्ही सात किंवा जास्त गुणांनी जिंकलो, तर सहा तुटला. अंबडवर लावणारे जिंकले. आम्ही सहाने जिंकलो, दोनाने जिंकलो, नाहीतर हरलोच, तर सहा टिकला. परतूरवर लावणारे जिंकले.

मी म्हणालो, "म्हणजे आपण जिंकूनही हरू शकतो?"

"आपन न्हाई रे, येड्या. आपल्यावर लावनारा. आन् आपन जिंकून बी इकलेले असू शकतो. कप बी आपला, मिरवनूक बी आपली. कुनाला काय कळतंय? दोन चढाया ढिल्या केल्या का झालं."

"तुला हे सगळं कसं माहीत?"

"मी फाट्यावर चहा पितो, दूध न्हाई."

म्हणजे आपा, मी उलटं समजलो. मला वाटलं आघाडी सोडू नको. ते सांगत होते, आघाडी वाढवू नको. आणि मी जबान दिली. आज मच्छिंद्रने बातमी काढून आणली, त्याच संध्याकाळी वाटूर फाट्यावर ते बोलून आले म्हणे, 'अकिब मेरा साला है, सहा तुटणार नाही.' आणि त्यांनी अप्पे लावली आहे. पैसे नाहीत, गाडीच. लागलेलं परत निघत नाही, असं मच्छिंद्र म्हणाला.

तुमचं घर त्या गाडीवर चालतं हे मला माहीत आहे. तुझ्या मानधनात तर छोटीचं दूधही भागत नाही.

सरांना सांगावं असं दहा वेळा मनात आलं. सांगितलं तर नाव सांगावं लागेल. सर त्याच मिनिटाला मला बाहेर बसवतील, आणि शनिवारी विद्यापीठाच्या संघासाठी निवड करणारे येणार आहेत. तीन वर्षं मी याच दिवसासाठी पहाटे उठलो. आणि नाव सांगितलं तर तुझ्या दारात कोण येऊन उभं राहील? म्हणून गप्प आहे. गप्प बसून सरावाला जातो आणि चढाईला निघालो की डोक्यात मोजणी सुरू होते. आज सरावात सहाने पुढे असताना माझा पाय आपोआप मागे आला. मी मुद्दाम केलं नव्हतं. सर ओरडले, "अकिब, झोपला का?"

तू दूल्हेभाईंना एवढंच सांग की अकिबला उलटं समजलं होतं, त्याने जबान दिली नाही. आणि मला सांग, मी काय करू. लवकर सांग.

तुझा,
अकिब


वाटूर,
११ डिसेंबर

अकिब,

खुश राहा. अंगणवाडीतली मुलं झोपली आहेत, तेवढ्यात लिहिते.

गाडीचं मला माहीत नाही असं वाटलं तुला? चार दिवस झाले, हे रोज सकाळी गाडी धुऊन पुसतात. सीटच्या खालूनसुद्धा. पाच वर्षांत कधी पुसली नव्हती. राहणारी वस्तू कोणी इतकी पुसत नाही.

तुझा निरोप दिला. म्हटलं, पोराला उलटं समजलं, त्याची जबान धरू नका. हे हसायला लागले. "बडा हुशार हाय माझा साला. पत्र लिहून हात धुऊन राह्यला. लिहू दे. लिहिलेलं बरं असतं, उद्या कुनी विचारलं तर दाखवता येतं." म्हणजे तू खरं बोललास ते त्यांना चलाखी वाटली. आता तू काहीही सांगितलंस तरी त्यांना तेच वाटेल.

ते वाईट नाहीत, हे तुलाही माहीत आहे आणि मलाही. माझ्या बाळंतपणात रात्रभर दवाखान्याच्या पायरीवर बसून होते. पण फाट्यावर गेले की चार लोकांसमोर मोठं व्हावंसं वाटतं त्यांना. या वेळी तुझ्या नावाने झाले.

तू विचारलंस काय करू. सर सांगतील ते कर. माझ्यासाठी काही करू नको, आणि माझ्याविरुद्ध पण काही करू नको. मैदानात मला आणूच नको. गाडी गेली तर गेली, घरचं मी बघते. राहिली तर राहिली. एवढं एकच ऐक, अकिब. सर सांगतील ते.

अम्मा तुझ्यासाठी दुआ करत आहेत. त्यांना काही माहीत नाही.

साजिया


अंबड,
१५ डिसेंबर

प्रिय आपा,

सलाम. मोबाइल परत मिळाला आहे, तरी पत्रच लिहितो. हे फोनवर बोलता येणार नाही. तू मध्ये काही बोललीस की मी थांबेन, आणि थांबलो की पुढचं सांगणार नाही.

काल कडूबा मामांनी लालबी अम्मांचा डबा आणून दिला. खीर होती. सोबत निरोप, "पोरगा सच्चा निघाला. माझ्या लेकाला, बबलूला धडा शिकवला, बरं केलं." म्हणजे त्यांना सगळं कळलं. तुम्हाला सगळ्यांना वाटतं की अकिबने नात्याचं बघितलं नाही, गाडीचं बघितलं नाही, इमानाने खेळला. कॉलेजातही दोघातिघांनी कानात तेच सांगितलं.

डबा मी उघडला आणि परत झाकला. ती खीर माझी नाही. का, ते सांगतो.

सामना तू पाहिला नाहीस हे बरं झालं. गर्दी इतकी की पोरं उसाच्या ट्रॉलीवर चढली होती. दूल्हेभाईंनी अप्पे मैदानाच्या कडेला लावली होती आणि ते टपाच्या कडीला धरून पायरीवर उभे होते. चकाचक गाडी. मी पहिल्या चढाईला निघालो तेव्हा त्यांनी मला हात केला. त्यांचेच बूट माझ्या पायात होते.

पहिला अर्धा चांगला गेला. खरंच सांगतो, त्यात मी काही मोजलं नाही. पारसला मच्छिंद्रने दोनदा धरलं, आम्ही एक लोण चढवलं, आणि मला वाटलं सुटलो. दुसऱ्या अर्ध्यात परतूरवाले पेटले. आघाडी दहाची झाली, चारची झाली, आठची झाली. दर वेळी गर्दीतला एक भाग ओरडायचा आणि दुसरा गप्प व्हायचा, आणि ते भाग अंबड आणि परतूर असे नव्हते. अंबडचीच माणसं आम्ही गुण घेतला की तोंड पाडत होती. मी हे आधी कधी पाहिलं नव्हतं. कदाचित तेव्हाही असेल, मला दिसत नसेल.

शेवटची चढाई आली. आम्ही सहाने पुढे. चढाई माझी.

बाकावरून सर ओरडले, "अकिब, रिकामा ये! नुसती निदान रेषा ओलांड आन् रिकामा ये!"

आपा, सरांनी तेच सांगितलं. कोणीही हेच सांगितलं असतं. सामना संपला होता, कप आमचा होता. समोर तिघंच उरले होते, त्यांनी धरलं असतं तर उगाच दोन गुण गेले असते आणि पाय मोडला असता तर वेगळंच. शहाण्या माणसाने रिकामं यावं, हात मिळवावा, शिट्टी ऐकावी. माझ्या जागी सहाचं काही माहीत नसलेला पोरगा असता तर हसत रिकामा आला असता, आणि तुमची गाडी आज तुमच्या दारात असती. आणि त्यात कोणाचंही काही चुकलं नसतं.

पण मला माहीत होतं. रिकामा आलो तर दूल्हेभाई मला खांद्यावर घेणार, फाट्यावर सांगणार की पोराने जबान पाळली. मच्छिंद्र माझ्याकडे बघणार. तूसुद्धा मनात कुठेतरी म्हणशील, की माझ्यासाठी केलं. आयुष्यभर मी सांगत बसणार की सरांनीच सांगितलं होतं, आणि लोक हसणार, जसे दूल्हेभाई हसले तसे. त्या अर्ध्या मिनिटात मला फक्त एवढंच दिसलं. मी कसा दिसेन.

मी निदान रेषा ओलांडली आणि परत फिरलो. परतूरच्या पोरांनी हात खाली सोडले होते. एक जण तर गर्दीतल्या कुणाकडे बघत होता. पारस माझ्यासोबत मध्यरेषेपर्यंत चालत आला. घामाने भिजला होता, हरला होता, तरी हसत होता. म्हणाला, "मान गये, अकिब." आणि त्याने हात पुढे केला. रिवाजाप्रमाणे.

माझा एक पाय अजून त्यांच्या अंगणात होता. आणि मी दम सोडला नव्हता. अगदी हळू, ओठातल्या ओठात म्हणत होतो, कबड्डी, कबड्डी. फक्त जवळच्या पंचाला ऐकू येईल एवढं.

मी त्याच्या हाताला बोट लावलं आणि रेषेमागे उडी मारली.

पंचांनी एक क्षण माझ्याकडे पाहिलं. मग एक बोट वर केलं. नियमाने गुण होताच. सात.

पारसचा हात तसाच पुढे राहिला होता, आपा. त्याला कळायला वेळ लागला. कळलं तेव्हा त्याने तो हात हळूच आपल्या चड्डीला पुसला.

मग आरडाओरडा झाला. सगळ्यात आधी माझ्या अंगावर झेपावला तो मच्छिंद्र. मला उचललं, गरगर फिरवलं आणि कानात ओरडला, "तोडलास, भावा! सहा तोडलास! मानलं तुला!" कप जिंकला असं म्हणाला नाही. सहा तोडला म्हणाला. मी त्याच्या तोंडाकडे बघत राहिलो. भाकरीचे तुकडे मांडून त्याने मला ज्या आवाजात समजावलं होतं, तोच आवाज होता. त्याने कुणावर लावले होते ते मी विचारलं नाही. विचारायची गरज उरली नव्हती. रात्री त्याने सगळ्यांना जिलेबी आणली.

म्हणजे मी दूल्हेभाईंचं ऐकलं नाही, तर मच्छिंद्रचं काम केलं. मी सहाच्या बाजूने खेळलो नाही, सहाच्या विरुद्ध खेळलो. दोन्हींत माझ्या डोक्यात सहाच होता. तू सांगितलं होतंस, माझ्याविरुद्ध पण काही करू नको. तेव्हा मला ते वाक्य कळलं नव्हतं. सर सांगतील ते कर, एवढं तरी कळण्यासारखं होतं.

दूल्हेभाईंचं सांगतो. तुला त्यांनी काय सांगितलं ते मला माहीत नाही. चावी त्यांनी तिथेच एका माणसाच्या हातात दिली. तो गाडीत बसला, सुरू करून बघितली, घेऊन गेला. मी मुद्दाम त्यांच्या समोर गेलो. वाटलं, मारतील, शिव्या देतील. मारलं असतं तर बरं झालं असतं. त्यांनी माझ्या पायातल्या बुटांकडे पाहिलं आणि म्हणाले, "अरे, हात तरी मिळवायचा होता त्याच्याशी." एवढंच. मग चालत फाटकाकडे गेले.

रविवारी सकाळी मी सरांकडे गेलो आणि पहिल्यापासून सगळं सांगितलं. दूल्हेभाईंचं नाव सांगितलं. मच्छिंद्रचं नाही, कारण त्याचं मला दिसलं ते दिसलं, माहीत काही नाही. माझं सांगितलं. सर खाटेवर बसून मोबाइलचा डबा पुसत होते. डबा बाजूला ठेवला. मग म्हणाले, "मी रिकामा ये म्हनलो होतो, अकिब." मी म्हणालो, हो सर. ते म्हणाले, "आधी सांगितलं असतं तर मी तुला बसवलं असतं. आन् तीच तुझी सुटका होती." निवड करणाऱ्यांनी माझं नाव लिहून नेलं होतं. सरांनी माझ्यासमोर फोन लावून ते काढायला सांगितलं. मी अडवलं नाही. दूल्हेभाईंचं पुढे काय करायचं, ते प्राचार्यांशी बोलून ठरवतील. कदाचित कोणी विचारायला येईल. हे तुला माझ्याकडून आधी कळावं, म्हणून मुख्यतः हे पत्र.

पारसला फोन केला होता. उचलला नाही. परतूरला जाऊन येईन. तो हात देईल असं नाही.

अम्मांना सांग, पोरगा सच्चा नाही. सांगायला जड वाटलं तर राहू दे, मीच सांगेन. येत्या रविवारी मी वाटूरला येतोय. दूल्हेभाईंसमोर बसून दोन्ही गोष्टी सांगायच्या आहेत. की जबान देताना मी खरंच उलटं समजलो होतो, आणि सहा तोडला तो मात्र समजून तोडला. पहिली ते मानणार नाहीत. दुसरी मानतील. त्यांना बोलू दे, तू मध्ये पडू नको. बूट धुऊन वाळत घातले आहेत, पण ते परत आणत नाही. दिलेली वस्तू त्यांच्या तोंडावर टाकली असं व्हायला नको.

मी घरात यावं असं तुला वाटत नसेल तर कडूबा मामांना नुसतं 'नको' म्हण. मी फाट्यावर उतरेन, चहा न पिता परतीच्या गाडीत बसेन आणि वाईट वाटून घेणार नाही.

छोटीला खाऊ आणणार नाही, संत्री आणणार नाही, अम्मांचा डबाही झाकलेला तसाच कडूबा मामांकडे परत पाठवतोय. सरांचं ऐकायला उशीर झाला, पण ऐकतोय. या वेळी रिकामा येतो, आपा.

तुझा भाऊ,
अकिब